मठाबाहेरचा नेम

मे महिन्यात भर दुपारी यवतमाळच्या रस्त्यावर चिटपाखरू दिसत नाही. पारा ४४ अंशांच्या आसपास, कूलरची घरघर, डोळ्यांवर झापड. हातातलं काम नकोसं होतं, झोपही लागत नाही, उगाच दारापर्यंत जाऊन यावंसं वाटतं. सोळाशे वर्षांपूर्वी इजिप्तच्या वाळवंटात राहणाऱ्या इव्हाग्रियस नावाच्या ख्रिस्ती संन्याशानं नेमकी हीच अवस्था लिहून ठेवली आहे. सूर्य जागचा हलेनासा होतो, दिवस पन्नास तासांचा वाटू लागतो. साधक पुन्हा पुन्हा खिडकीबाहेर पाहतो, जेवणाची वेळ किती लांब आहे याचा अंदाज घेतो, कुणी भेटायला येतंय का म्हणून कानोसा घेतो. मग त्याला आपल्या जागेचा वीट येतो, कामाचा येतो, सोबतच्या माणसांचाही येतो. इव्हाग्रियसनं या अवस्थेला भर दुपारचा सैतान म्हटलं आणि सगळ्या मोहांमध्ये सर्वांत जड मानलं.

इ. स. ३९९ मध्ये वारलेल्या या माणसाच्या खोलीत मोबाइल नव्हता. तरी खिडकीकडे वळणारी त्याची नजर आणि दर दोन मिनिटांनी खिशाकडे जाणारा आजचा हात यांत फारसा फरक नाही. त्याचा उपाय साधा होता: जागा सोडू नये, ठरलेलं काम ठरलेल्या वेळी करावं, प्रार्थना छोटी असली तरी चुकवू नये. वाळवंटातल्या संन्याशांनी मनाचा असा बारीक अभ्यास केला तो स्वतःसाठी. पण ज्या मनाचा अभ्यास केला ते सगळ्यांजवळच असतं.

यवतमाळ, दारव्हा, वणी किंवा पांढरकवड्याच्या ख्रिस्ती माणसाला मठ हा शब्द मात्र परका वाटतो. दगडी भिंती, काळे झगे, आजन्म ब्रह्मचर्य हे सगळं युरोपातलं, नाहीतर फक्त कॅथलिकांचं. इथली बरीच मंडळी प्रोटेस्टंट. पाळकाला बायकामुलं असतात, रविवारी उपासना होते आणि सोमवारी माणूस शाळेत, दवाखान्यात नाहीतर शेतात असतो. अशा माणसाला मठाकडून घेण्यासारखं काय आहे?

आहे, आणि त्यासाठी मराठीत तयार शब्दही आहे: नेम. मठाच्या नियमावलीला लॅटिनमध्ये ‘रेगुला’ म्हणतात. त्याचा मूळ अर्थ सरळ रेघ आखायची पट्टी. आपला ‘नेम’ त्याहून संपन्न आहे. आजी तुळशीला पाणी घातल्याशिवाय चहा घेत नाही तो नेम, आणि तिरंदाज डोळा बारीक करून धरतो तोही नेम. रोजची शिस्त आणि नजरेसमोरचं लक्ष्य, दोन्ही एकाच शब्दात.

मठजीवनाची सुरुवात एका शेतकऱ्याच्या घरातून झाली. इजिप्तमधला अँथनी तिसऱ्या शतकात जन्मला. आईबाप वारल्यावर सुपीक जमीन त्याच्या नावावर आली. चरित्रकार अथनेशियसनं ती ३०० अरूरा सांगितली आहे, म्हणजे आजच्या हिशेबानं सुमारे २०० एकर. एके दिवशी उपासनेत त्यानं शुभवर्तमानातली श्रीमंत तरुणाची गोष्ट ऐकली. असेल ते विकून गरिबांना दे, हा येशूचा निरोप आपल्यालाच आहे असं त्याला वाटलं. त्यानं जमीन गावाला देऊन टाकली, धाकट्या बहिणीची सोय लावली आणि तो गावाबाहेर एकान्तात राहू लागला. पुढे पाखोमियस नावाचा माणूस आला. सक्तीच्या सैन्यभरतीत त्याला डांबून ठेवलं होतं, तेव्हा अनोळखी ख्रिस्ती माणसांनी त्याला जेवण आणून दिलं होतं. ते तो विसरला नाही. चौथ्या शतकाच्या पूर्वार्धात त्यानं नाईलकाठी एकत्र राहणाऱ्या संन्याशांची वस्ती उभी केली. एकट्याचं तप आता संसारासारखं सामायिक झालं: एक चूल, एक घंटा, वाटून घेतलेली कामं.

सहाव्या शतकात इटलीतल्या बेनेडिक्टनं या जीवनाची ७३ प्रकरणांची नियमावली लिहिली. ती वाचताना प्रथम नवल वाटतं ते तिच्यातल्या घरगुतीपणाचं. कोठाराच्या प्रमुखानं मठाची भांडीकुंडी आणि अवजारं वेदीवरच्या पवित्र पात्रांसारखी सांभाळावीत. जेवताना एकानं वाचावं, बाकीच्यांनी गप्प राहावं आणि काही हवं असेल तर खुणेनं मागावं. पहाटेच्या प्रार्थनेचं एक स्तोत्र मुद्दाम सावकाश म्हणावं, म्हणजे उशीर झालेल्यांनाही येऊन पोचता येईल. दारावर समजूतदार म्हातारा बसवावा आणि गरिबानं हाक मारताच त्यानं आधी देवाचे आभार मानावेत. आलेला पाहुणा ख्रिस्तच आहे असं समजून त्याचं स्वागत करावं.

वेळापत्रकही ऋतूंवर बेतलेलं आहे. उन्हाळ्यात सकाळी लवकर काम, दुपारच्या जेवणानंतर अंथरुणावर पडून विश्रांती. कुणाला त्या वेळी वाचायचं असेल तर शेजाऱ्याची झोप मोडणार नाही अशा बेतानं वाचावं. विदर्भातल्या कुठल्याही घराला ही समज ओळखीची वाटेल. ‘प्रार्थना आणि काम’ हे बेनेडिक्टच्या नावावर खपणारं ब्रीद त्याच्या पुस्तकात या शब्दांत कुठेच नाही, ते पुष्कळ नंतरचं. पण दिवसाची वाटणी अशीच आहे: थोडी प्रार्थना, थोडं हातांचं काम, थोडं वाचन, आणि यांतल्या कशालाही दुसऱ्याचा वेळ खाऊ द्यायचा नाही.

मग प्रोटेस्टंट लोकांचं मठाशी कुठे बिनसलं? मार्टिन ल्यूथर स्वतः संन्यासी होता. १५०५ मध्ये तो एर्फुर्टच्या मठात शिरला, १५२१ मध्ये त्यानं मठातल्या शपथांवर कठोर टीका लिहिली आणि १५२५ मध्ये मठ सोडून आलेल्या काटरीना फॉन बोरा हिच्याशी लग्न केलं. त्याचा राग एका समजुतीवर होता: संन्यासी देवाच्या जवळचा आणि संसारी माणूस दुय्यम. मोची, गवळण, आई यांचं कामही देवानं दिलेलं पाचारण आहे, असं त्यानं ठासून सांगितलं. ते बरोबरच होतं. पण मठाची दारं बंद झाली तेव्हा घंटाही थांबली. संसारी माणसाला मान मिळाला, पण त्याच्या दिवसाला आकार देणारं काही हाती उरलं नाही.

ती उणीव ज्याला टोचली तो माणूस यवतमाळच्या मंडळ्यांचा दूरचा पूर्वज आहे. जॉन वेस्ली १७२९ नंतर ऑक्सफर्डला तरुणांच्या एका छोट्या गटाचा पुढारी झाला. ही मुलं ठरलेल्या वेळी प्रार्थना करत, बुधवारी आणि शुक्रवारी उपास धरत, तुरुंगात जाऊन कैद्यांना भेटत. सगळं पद्धतशीर करतात म्हणून इतरांनी त्यांना हिणवून ‘मेथडिस्ट’ म्हटलं आणि तेच नाव कायम झालं. मठातल्या थॉमस अ केंपिसनं लिहिलेल्या ‘ख्रिस्तानुकरण’ या पुस्तकाची इंग्रजी आवृत्ती वेस्लीनं १७३५ मध्ये स्वतः काढली होती.

पैशाचा त्याचा नेम तर घरखर्चाच्या वहीत लिहून ठेवावा असा आहे. ऑक्सफर्डच्या त्या गटातल्या एकाचा हिशेब त्यानं प्रवचनात सांगितला, आणि तो माणूस वेस्ली स्वतःच असं सहसा मानलं जातं. पहिल्या वर्षी उत्पन्न ३० पौंड. २८ त भागवलं, २ दान केले. दुसऱ्या वर्षी उत्पन्न ६० झालं. खर्च २८ च, दान ३२. तिसऱ्या वर्षी ९०, चौथ्या वर्षी १२०. खर्च २८ वरच थांबलेला. हे मठातलं दारिद्र्याचं व्रतच आहे, फक्त बाजारात राहून पाळलेलं.

दुसरी गोष्ट १७४२ ची. ब्रिस्टलच्या प्रार्थनागृहावर कर्ज होतं. ते फेडायला सभासदांचे बारा-बारांचे गट पाडले. गटाच्या प्रमुखानं दर आठवड्याला घरोघरी जाऊन प्रत्येकाकडून एक पेनी गोळा करायची. पैसे मागायला गेलेल्या प्रमुखाला घरातली दुखणी, भांडणं, दारू, उपासमार दिसू लागली. वेस्लीच्या ध्यानात आलं की त्याला हवं होतं ते हेच. त्यातून ‘क्लास’ उभा राहिला: बारा माणसं, दर आठवड्याला भेट, आणि तुझ्या जिवाचं कसं चाललंय हा सरळ प्रश्न. आज गावोगावी बचत गटाच्या बायका वही उघडून बसतात तेव्हा पैशाच्या निमित्तानं किती गोष्टी निघतात, हे ज्यानं पाहिलंय त्याला यातली ताकद समजावून सांगायला नको.

याच परंपरेची एक शाखा म्हणजे फ्री मेथडिस्ट. अमेरिकेत १८६० मध्ये ती वेगळी निघाली. देवळातली बाकं पैसे भरणाऱ्यांसाठी राखून ठेवायची चाल तिनं नाकारली आणि गुलामगिरीला विरोध केला. तिचे पहिले मिशनरी अर्नेस्ट आणि फीबी वॉर्ड १८८१ मध्ये भारतात येऊन बऱ्हाणपूरला उतरले. पुढे यवतमाळ हे या मंडळीचं मुख्य ठिकाण झालं आणि पांढरकवड्याजवळच्या उमरीला तिचा दवाखाना उभा राहिला. यवतमाळातच १९५३ मध्ये युनियन बिब्लिकल सेमिनरी सुरू झाली. देशभरातली मुलं इथे धर्मशिक्षण घ्यायला येत. १९८३ मध्ये ती पुण्याला हलली. तीस वर्षं या कापसाच्या गावात उपासना, अभ्यास आणि सहजीवन यांवर उभं राहिलेलं एक छोटं जग नांदत होतं. त्याला कुणी मठ म्हटलं नाही, पण दिवस घंटेवर चालायचा.

कॅथलिकांची गोष्ट वेगळी. यवतमाळ जिल्हा १९५५ मध्ये स्थापन झालेल्या अमरावती धर्मप्रांतात येतो आणि व्रतस्थ धर्मभगिनी व फादर ही तिथली रोजच्या ओळखीची माणसं. शिवाय संसारी माणसाला व्रतस्थांशी जोडून घ्यायची जुनी वाट कॅथलिकांकडे आहे. असिसीच्या फ्रान्सिसनं तेराव्या शतकात गृहस्थांसाठी ‘तिसरा वर्ग’ काढला. बेनेडिक्टच्या मठांशीही घरी राहणारे लोक वचनानं बांधले जातात. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं १९६३ मध्ये मठातल्या दैनंदिन प्रार्थना सामान्य श्रद्धावंतांनीही म्हणाव्यात अशी शिफारस केली.

खरं म्हणजे वऱ्हाडातल्या माणसाला ही दुहेरी रचना समजायला रोमपर्यंत जावं लागत नाही. महानुभावांचं ऋद्धिपूर जवळच आहे. महानुभाव पंथात अनुसरलेले संन्यासी आणि घरी राहून आचार पाळणारे वासनिक असे दोन्ही शेकडो वर्षं नांदत आले. चक्रधरांनी शिष्यांना अनोळखी मुलखाच्या टोकाला, झाडाखाली आयुष्य घालवायला सांगितलं. अँथनीला ही भाषा लगेच कळली असती. वारकऱ्यानं तर संन्यासाला घरातच आणलं: माळ, एकादशी, हरिपाठ, वारी. बौद्ध वस्त्यांत वर्षावास होतो आणि काही दिवसांचं श्रामणेर शिबिर करून माणूस पुन्हा आपल्या नोकरीवर जातो. चार घरं सोडून राहणारे शेजारी हे सगळं करत असताना ख्रिस्ती घराला मात्र रविवारचा एक तास पुरेसा वाटावा, याची हळहळ वाटते.

ही हळहळ शंभर वर्षांपूर्वी एका मराठी माणसाला झाली होती. रेव्हरंड नारायण वामन टिळकांना बायबलमधला नवा करार मिळाला तो १८९३ मध्ये, नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत. १८९५ मध्ये त्यांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला आणि वीस-बावीस वर्षं अमेरिकन मराठी मिशनमध्ये काम केलं. ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकाचा मराठी भाग ते सांभाळत. १९१७ मध्ये त्यांनी मिशनची पगारी नोकरी सोडली, संन्यास घेतला आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ उघडला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, येशूवर प्रेम करणारे सगळे तिथे एकत्र यावेत अशी त्यांची कल्पना होती. मिशनच्या पैशावर उभं राहिलेलं ख्रिस्तीपण या मातीत रुजणार नाही, हे त्यांना कळून चुकलं होतं.

टिळकांचा संन्यास घर सोडून गेला नाही. पत्नी लक्ष्मीबाई सोबतच होत्या. नवऱ्यानं पगार सोडला की चूल कोण सांभाळतं, हे त्यांची ‘स्मृतिचित्रे’ वाचणाऱ्याला वेगळं सांगावं लागत नाही. मठाचे आदर्श घरात आणू पाहणाऱ्या प्रत्येकानं ही बाजू आधी पाहावी. त्यागाचा निर्णय एकाचा आणि काटकसर दुसरीची, असं झालं तर तो नेम लंगडा. ९ मे १९१९ रोजी टिळक गेले आणि त्यांच्यामागे दरबार टिकला नाही. पण मराठी मंडळ्यांच्या ‘उपासना संगीत’मध्ये त्यांची पदं आहेत आणि यवतमाळात ती गायली जातात.

दरबाराचा धागा उचलला एका इंग्रजानं. जॅक विन्स्लो हे अहमदनगरला काम करणारे अँग्लिकन धर्मगुरू. टिळकांनी ते इतके भारावले की १९२३ मध्ये त्यांनी टिळकांचं इंग्रजी चरित्र लिहिलं. त्याच्या आदल्या वर्षीच त्यांनी मराठी सोबत्यांना घेऊन ‘ख्रिस्त सेवा संघ’ सुरू केला होता. जमिनीवर बसून हातानं जेवायचं, शाकाहार, खादी, भजन, आणि गोरा-काळा असा भेद ठेवायचा नाही. साहेबाच्या राज्यात, साहेबाच्याच धर्माच्या माणसांनी हे करणं ही मोठी गोष्ट होती. पुढे संघाचा आश्रम पुण्यात शिवाजीनगरला स्थिरावला.

पुण्याला अँग्लिकन व्रतस्थ नवे नव्हते. रानडे आणि लोकमान्यांच्या चहामुळे १८९० मध्ये गाजलेल्या पंचहौद मिशनशी काऊलीचे बंधू आणि वाँटेजच्या भगिनी या इंग्लंडमधल्या दोन अँग्लिकन संघांचा संबंध होता. याच वाँटेजच्या भगिनींकडे राहत असताना पंडिता रमाबाईंनी १८८३ मध्ये बाप्तिस्मा घेतला. भगिनींची सेवा पाहून त्या हेलावल्या, पण त्यांची आज्ञाधारकता मात्र रमाबाईंनी पत्करली नाही. नीलकंठशास्त्री गोऱ्हे, म्हणजे नेहेम्या गोरे, १८७६ मध्ये काऊलीला जाऊन नवदीक्षित म्हणून राहिले, पण अंतिम शपथ न घेता परतले. मराठी मन मठाच्या उंबरठ्याशी असं वारंवार जाऊन उभं राहिलं आहे.

विन्स्लोंच्या आश्रमात १९२७ मध्ये आलेल्या इंग्रज तरुणांपैकी एक व्हेरिअर एल्विन. तिथेच त्याला शामराव हिवाळे हा मराठी ख्रिस्ती मित्र मिळाला. १९३२ मध्ये दोघे मंडला जिल्ह्यातल्या करंजिया गावी गोंडांमध्ये राहायला गेले आणि तिथल्या आपल्या आश्रमाला त्यांनी संत फ्रान्सिसचं नाव दिलं. नागपूरच्या बिशपशी एल्विनचं जमलं नाही आणि पुढे त्यानं चर्चच सोडलं. शामरावांनी मात्र परधानांवर पुस्तक लिहिलं, १९४६ मध्ये. यवतमाळातही गोंड आणि परधान आहेतच. आश्रमातला मौनाचा संस्कार दुसऱ्याचं ऐकून घ्यायला शिकवतो आणि त्यातून असं काम उभं राहतं.

आश्रमातला दुसरा तरुण अल्जी रॉबर्टसन. तो इंग्लंडला परतला आणि १९३० च्या दशकात तिथल्या ‘सोसायटी ऑफ सेंट फ्रान्सिस’च्या उभारणीत सामील झाला. जाताना त्यानं पुण्याची नियमावली सोबत नेली. अँग्लिकन फ्रान्सिस्कनांची आजची तत्त्वं तिच्यावरच बेतलेली आहेत, आणि त्यात गृहस्थांचा तिसरा वर्गही आला. सेवेच्या तीन वाटा: प्रार्थना, अभ्यास, काम. ओळखीच्या तीन खुणा: नम्रता, प्रेम, आनंद. हा मजकूर महिन्याच्या दिवसांत वाटून दिलेला आहे आणि रोज त्या तारखेचा भाग वाचायचा असतो. इंग्लंड-अमेरिकेतले शिक्षक, परिचारिका, निवृत्त कारकून कामाला लागण्याआधी तो वाचतात. त्याचं मूळ टिळकांच्या महाराष्ट्रात आहे, ही इथल्या मंडळ्यांनी अभिमानानं सांगावी अशी गोष्ट आहे.

पुण्याचा आश्रम मधल्या काळात ओसरला आणि १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला स्त्रियांनी तो पुन्हा जागवला. वाँटेज परंपरेच्या अँग्लिकन भगिनी आणि कॅथलिक सेक्रेड हार्टच्या भगिनी एका छपराखाली राहू लागल्या. त्यांत होत्या मुंबईच्या सोफिया कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवलेल्या सिस्टर सारा ग्रँट. त्या शांकर अद्वैताच्या अभ्यासक. दार सगळ्यांना उघडं होतं.

आजच्या यवतमाळात हे कसं उतरेल? मठाची सात प्रहरांची प्रार्थना जशीच्या तशी घरात आणायला गेलं तर आठ दिवसांत घर वैतागेल. बेनेडिक्टनंही आपली नियमावली नवशिक्यांसाठीची छोटी सुरुवात आहे असंच म्हटलं होतं. बाळंतिणीला वेगळ्या जागरणाची गरज नाही. रात्री तीन वाजता बाळासाठी ती उठते तेव्हा अनेक मठांतही रात्रीच्या प्रार्थनेसाठी माणसं जागी होत असतात. रात्रपाळीच्या नर्सचंही तेच. वेळ आधीच ठरलेली आहे, तिच्यात एक स्तोत्र बसवायचं. मुलं पुण्या-मुंबईला गेल्यावर रिकाम्या घरात उरलेल्या जोडप्याला जेवताना टीव्ही बंद ठेवून एक उतारा वाचता येईल, आळीपाळीनं.

आणि बारा माणसांचा गट. या जिल्ह्यात कर्जाच्या ओझ्याखाली किती शेतकऱ्यांनी जीव दिला, हे सगळा देश जाणतो. दर आठवड्याला दारात येऊन, बाबा, तुझं कसं चाललंय, असं विचारणारं कुणी असणं म्हणजे काय, हे इथे जितकं कळतं तितकं क्वचित कुठे कळत असेल. अठराव्या शतकात पेनी गोळा करणाऱ्या माणसाला ते कळलं होतं. प्रत्येक मंडळीकडे सभासदांची यादी असते. त्या यादीचे बारा-बाराचे गट पाडायला कुठल्या ठरावाची गरज नाही.

बेनेडिक्टच्या नियमावलीतलं ५० वं प्रकरण जेमतेम काही ओळींचं आहे. शेतात लांब कामाला गेलेले बंधू घंटेच्या वेळी प्रार्थनागृहात पोचू शकत नाहीत. त्यांनी काय करायचं? त्यांनी जिथे काम चालू आहे तिथेच गुडघे टेकावेत आणि प्रार्थना करावी, एवढंच तो सांगतो. दिवाळीनंतर यवतमाळच्या कुठल्याही वावरात वेचणी चालू असते. ऊन डोक्यावर येतं, बाया कमरेची कापसाची झोळी सोडून धुऱ्यावरच्या कडुनिंबाखाली येतात, डबा उघडण्याआधी कळशीतलं पाणी घोटघोट पितात. त्यांतली एखादी ओठांतल्या ओठांत काही म्हणते, कपाळाला हात लावते आणि मग भाकरी मोडते.